गुण नको, तारीख द्या

पुनर्मूल्यांकनाचा फॉर्म भरायचा, प्रत्येक विषयाचं शुल्क भरायचं आणि वाट पाहत बसायचं. पुढचं सत्र अर्धं सरतं तरी निकाल लागत नाही. हेलपाटे घालून थकलेली काही मुलं अखेर उच्च न्यायालयाची पायरी चढतात. शिक्षण आणि नोकरी या विषयांतल्या रिट याचिका हे माझं रोजचं काम असल्यामुळे त्यांतली थोडी माझ्यापर्यंत येतात. समोरच्या खुर्चीत मुलगा किंवा मुलगी असते, शेजारी वडील, नाहीतर मामा. त्यांच्या घरातलं कुणी याआधी कोर्टात गेलं असेल तर ते जमिनीच्या वादासाठी. परीक्षेच्या निकालासाठीही कोर्टात यावं लागतं, याचीच त्यांना लाज वाटत असते. ती लाज त्यांनी बाळगायचं काहीच कारण नाही.

या मुलांची प्रकरणं चालवताना जे कळत गेलं ते इथे लिहिते आहे. माझ्याकडे आलेल्या प्रकरणांतल्या विद्यापीठांची नावं घेत नाही, कारण हे दुखणं कुठल्या एकाच विद्यापीठाचं नाही.

१. कोर्टात गुण मागू नका, तारीख मागा

पहिल्या भेटीत जवळजवळ प्रत्येक जण म्हणतो, "मॅडम, माझा पेपर चांगला गेला होता. मला एवढे कमी पडूच शकत नाहीत. कोर्टाने पेपर पुन्हा तपासायला लावावा." त्याचं दुःख खरं असतं. पण ही मागणी घेऊन आत गेलं तर बहुधा रिकाम्या हाताने परतावं लागतं, आणि त्याचं मूळ आपल्याच राज्यातल्या एका खटल्यात आहे.

महाराष्ट्र राज्य माध्यमिक व उच्च माध्यमिक शिक्षण मंडळाच्या नियमांनुसार तेव्हा उत्तरपत्रिका पुन्हा तपासून मिळत नसे. बेरीज बरोबर आहे ना, एखादं उत्तर तपासायचं राहिलं नाही ना, एवढंच पाहिलं जाई. याविरुद्ध विद्यार्थी मुंबई उच्च न्यायालयात गेले आणि न्यायालयाने त्यांचं म्हणणं मान्य केलं. मंडळ सर्वोच्च न्यायालयात गेलं आणि १९८४ साली 'परितोष भूपेशकुमार शेठ' या नावाने ओळखल्या जाणाऱ्या निकालात चित्र पालटलं. नियमांत पुनर्मूल्यांकनाची तरतूद नसेल तर ते हक्क म्हणून मागता येणार नाही, आणि शैक्षणिक बाबींत त्या क्षेत्रातल्या जाणत्यांच्या मताऐवजी न्यायालयाने आपलं मत लादू नये, असं तो निकाल सांगतो. डिसेंबर २०१७ मध्ये उत्तर प्रदेशातल्या शिक्षकभरतीच्या 'रणविजय सिंह' खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने हीच भूमिका पुन्हा नीट मांडली. नियमांत तरतूद नसताना फेरतपासणीचा आदेश अगदी क्वचित द्यावा, तोही चूक इतकी उघड असेल की ती सिद्ध करायला तर्क लढवावे लागणार नाहीत तेव्हाच, आणि केवळ सहानुभूतीपोटी तर देऊच नये.

मग विद्यार्थ्याच्या हाती काय उरतं? बरंच उरतं. आज आपल्याकडच्या बहुतेक विद्यापीठांच्या नियमांतच पुनर्मूल्यांकनाची सोय आहे. विद्यापीठाने अर्ज मागवला, शुल्क घेतलं, पावती दिली. म्हणजे काम अंगावर घेतलं. अंगावर घेतलेलं काम वाजवी वेळेत पुरं करणं हे त्याचं कर्तव्य, आणि सार्वजनिक संस्थेला तिचं कर्तव्य करायला लावण्याचा अधिकार संविधानाच्या अनुच्छेद २२६ खाली उच्च न्यायालयाला आहे. या आदेशाला परमादेश म्हणतात. कोर्टात सगळे 'मँडॅमस'च म्हणतात. "मला दहा गुण वाढवून द्या" या मागणीला न्यायमूर्ती नकार देतात. "माझा अर्ज चार महिने पडून आहे, पुढच्या परीक्षेचा फॉर्म भरायची मुदत अमुक तारखेला संपते, त्याआधी माझा निकाल लावायला सांगा" या मागणीला नकार द्यायला सबळ कारण लागतं, आणि ते विद्यापीठाच्या वकिलांकडे सहसा नसतं. त्या मुलाला पास करायचं की नापास, हे दुसऱ्या परीक्षकालाच ठरवू दे. पण ठरवायचं कधी, हे मात्र कोर्ट सांगू शकतं.

पुढचं सगळं याच एका गोष्टीभोवती फिरतं.

२. आधी उत्तरपत्रिकेची छायाप्रत मिळवा

वाणिज्य शाखेची एक मुलगी आली होती. हुशार, पण बोलायला भिडस्त. अकाउंट्समध्ये नापास. "मॅडम, मी शेवटचा प्रश्न पुरवणीत सोडवला होता" एवढंच ती पुनःपुन्हा सांगत होती. छायाप्रत हातात आली तेव्हा तिचं म्हणणं तंतोतंत खरं निघालं. पुरवणीतल्या त्या उत्तरावर परीक्षकाची एकही खूण नव्हती. बरोबरची नाही, चुकीची नाही, समासात शून्यसुद्धा नाही. हा मतभेदाचा प्रश्नच नव्हता. तपासायचं राहून गेलेलं उत्तर कुणालाही नुसत्या डोळ्यांनी दिसत होतं. अशा वेळी छायाप्रतीच्या त्या एका पानापुढे माझ्या युक्तिवादाची फारशी गरज उरत नाही. कायदेशीर नोटीस गेली आणि याचिका दाखल करायची वेळ येण्याआधीच तिचा सुधारित निकाल आला.

आपली उत्तरपत्रिका पाहण्याचा हक्क हा विद्यापीठाचा उपकार नव्हे. ९ ऑगस्ट २०११ रोजी सर्वोच्च न्यायालयाने केंद्रीय माध्यमिक शिक्षण मंडळाच्या एका प्रकरणात सांगितलं, की तपासलेली उत्तरपत्रिका ही माहितीच्या अधिकाराखालची 'माहिती' आहे आणि विद्यार्थ्याला स्वतःची उत्तरपत्रिका पाहता येते, तिची प्रत घेता येते. परीक्षकाचं नाव मात्र त्याच्या सुरक्षिततेसाठी झाकलं जातं, आणि ते योग्यच आहे. प्रत मिळवायचे मार्ग दोन. विद्यापीठाच्या नियमांप्रमाणे अर्ज केलात तर विद्यापीठाने ठरवलेलं शुल्क. माहिती अधिकारात अर्ज केलात तर त्या कायद्याखालचं शुल्क; महाराष्ट्रात अर्जाला १० रुपये आणि प्रतींचा खर्च वेगळा. माहिती अधिकारात ३० दिवसांत उत्तर यायला हवं, नाही आलं तर पुढच्या ३० दिवसांत पहिलं अपील करता येतं.

मात्र सर्वोच्च न्यायालयाच्या याच निकालातली एक ओळ मुलांच्या नजरेतून सुटते. उत्तरपत्रिका जितका काळ जपून ठेवायचा नियम आहे तितकाच काळ ती मिळते. मुदत संपली की गठ्ठे रद्दीत जातात, आणि मग कुठलंच न्यायालय ती परत आणू शकत नाही. निकाल लागल्यावर पुनर्मूल्यांकनाचा विचार पक्का व्हायची वाट पाहू नका, छायाप्रतीचा अर्ज आधी टाका. पुनर्मूल्यांकनात गुण कमी होऊ शकतात का, किती फरक पडला तर तो धरला जातो, शुल्क परत मिळतं का, हे सगळं विद्यापीठागणिक बदलतं. तुमच्या विद्यापीठाचा नियम तुम्ही स्वतः वाचा, मित्राने सांगितलेला धरून चालू नका.

३. तीस आणि पंचेचाळीस दिवस ध्यानात ठेवा

महाराष्ट्र सार्वजनिक विद्यापीठ अधिनियम, २०१६ चं कलम ८९ असं सांगतं, की परीक्षा संपल्यापासून ३० दिवसांत निकाल लावायचा विद्यापीठाने प्रयत्न करावा आणि कोणत्याही परिस्थितीत ४५ दिवसांत तो लावावा. ते जमलं नाही तर उशिराच्या कारणांचा सविस्तर अहवाल कुलपतींना, म्हणजे राज्यपालांना, द्यावा. याचिकेत हे कलम ठळकपणे यायलाच हवं. न्यायमूर्तींना उशिराचं मोजमाप लागतं आणि ते विधिमंडळाने आधीच करून ठेवलं आहे.

पण हे कलम मूळ निकालाबद्दल बोलतं. पुनर्मूल्यांकनाला किती दिवस, हे विद्यापीठाच्या स्वतःच्या अध्यादेशात किंवा परिपत्रकात शोधावं लागतं. कुठे मुदत स्पष्ट लिहिलेली असते, कुठे 'यथावकाश' अशा अर्थाचा शब्द घालून सोडून दिलेलं असतं. तिथे मी कोर्टाला विचारते, की लाखो उत्तरपत्रिका पहिल्यांदा तपासायला कायदा ४५ दिवस देतो, तर त्यांतल्या थोड्याशा दुसऱ्यांदा तपासायला त्याहून जास्त वेळ का लागावा? हा प्रश्न मला आजही तितकाच रास्त वाटतो.

४. उशीर नेमका कुठे होतो ते समजून घ्या

मुलांना वाटतं, विद्यापीठात कुणीतरी मुद्दाम त्यांची फाइल दाबून बसलंय. तसं क्वचितच असतं. उशीर कुठून येतो हे कळलं की याचिकाही नेमकी लिहिता येते आणि उगाच कुणावर आरोप केले जात नाहीत. यासाठी २०१७ चा मुंबई विद्यापीठाचा उन्हाळा प्रत्येकाने लक्षात ठेवावा असा आहे.

त्या वर्षी विद्यापीठाने सर्व शाखांच्या उत्तरपत्रिका संगणकाच्या पडद्यावर तपासायचं ठरवलं. ४७७ परीक्षा, सुमारे १७ लाख उत्तरपत्रिका. सगळ्या स्कॅन करायच्या, मग प्राध्यापकांनी लॉगिन करून तपासायच्या. कल्पना वाईट नव्हती, बेरजेच्या चुका टळणार होत्या, गठ्ठे हलवायचा व्याप वाचणार होता. पण परीक्षा तोंडावर असताना घेतलेला निर्णय, अपुरं प्रशिक्षण, स्कॅनिंगमधले घोळ आणि अडखळणारी यंत्रणा यांनी सगळं कोलमडलं. कुलपतींनी ३१ जुलैची मुदत घालून दिली. महाविद्यालयांचे वर्ग बंद ठेवून प्राध्यापकांना तपासणीला बसवलं गेलं. तरी मुदत पाळली गेली नाही. विधी आणि वाणिज्यचे निकाल सर्वात रखडले. पदव्युत्तर प्रवेश, परदेशातले प्रवेश, नोकऱ्या, सगळं अडकलं. विधी शाखेचे विद्यार्थी उच्च न्यायालयात गेले. ऑगस्टमध्ये कुलगुरूंना रजेवर जावं लागलं आणि २४ ऑक्टोबर २०१७ रोजी त्यांना पदावरून दूर करण्यात आलं. १८५७ साली स्थापन झालेल्या विद्यापीठाच्या इतिहासात एवढी मोठी घटना केवळ निकालांच्या उशिरामुळे घडली.

कुलगुरू गेल्याची बातमी सगळ्यांच्या लक्षात राहिली. मला मात्र त्यानंतरचा काळ जास्त बोलका वाटतो. मूळ निकालाला उशीर झाला की पुनर्मूल्यांकन त्याहून मागे जातं, कारण दोन्ही कामं करणारी माणसं तीच. पुनर्मूल्यांकनाला पहिल्या परीक्षकाहून वेगळा परीक्षक लागतो. छोट्या विषयांत असे प्राध्यापक मोजकेच असतात. ते मध्यवर्ती मूल्यांकन केंद्रावर, ज्याला सगळे 'कॅप सेंटर' म्हणतात, पोचेपर्यंत पुढच्या सत्राची परीक्षा सुरू झालेली असते आणि तिचे गठ्ठे आधी हातात येतात. त्यात मंजूर पदं वर्षानुवर्षं रिकामी. महाविद्यालयांत तासिका तत्त्वावर शिकवणारे तरुण प्राध्यापक तासागणिक मानधनावर जगतात, तेही वेळेवर मिळेल याची खात्री नाही. तपासणीचं काम शिक्षकांना बंधनकारक आहे हे खरं, पण शिक्षकच नेमलेले नसतील तर ते बंधन कुणावर घालायचं? दुसऱ्या परीक्षकाने गुण दिल्यावरही काम संपत नाही. ते प्रणालीत चढवायचे, एकूण निकाल नव्याने काढायचा, गुणपत्रिका छापायची, ती महाविद्यालयात पाठवायची. प्रत्येक टप्प्यावर एखादा टेबल रिकामा असतो.

म्हणून मी याचिकेत 'विद्यापीठाचा हेतू वाईट आहे' असं लिहू देत नाही. वडील कधी कधी रागावतात. एसटीत चालक असलेले एक गृहस्थ म्हणाले होते, "मॅडम, आम्ही गाडी चार तास उशिरा नेली तर आम्हाला मेमो मिळतो. यांना कोण विचारणार?" त्यांचा सवाल बिनतोड होता. पण विचारायचा तो हेतू सिद्ध न करता, तारखांनी.

५. तारखा शेवटापासून मागे मोजा

तारीख मागायची तर कुठली, हे आपल्याला आधी माहीत हवं. तुमच्या दृष्टीने महत्त्वाचा दिवस कोणता? पुढच्या सत्राचा परीक्षा फॉर्म, पदव्युत्तर प्रवेशाची शेवटची फेरी, नोकरीत रुजू व्हायची मुदत? तो दिवस कागदावर लिहा आणि तिथून मागे या. निकाल आल्यावर गुणपत्रिका हाती यायला लागणारा वेळ वजा करा. कोर्टात याचिका दाखल होऊन बोर्डावर, म्हणजे सुनावणीच्या यादीत, यायला लागणारा वेळ वजा करा. मे महिन्याची आणि दिवाळीची न्यायालयाची सुट्टी पाहा. त्या काळात सुट्टीतलं न्यायालय बसतं, पण तिथे तातडी पटवून द्यावी लागते. एवढं केल्यावर जी तारीख उरते ती वकिलाकडे जायची तारीख, आणि ती बहुतेकांच्या अंदाजाहून बरीच अलीकडची निघते.

कोकणातला एक मुलगा तिसऱ्या वर्षाच्या एलएलबीत एका पेपरात अडकला होता. बाकी सगळं उत्तीर्ण. पुनर्मूल्यांकनाचा निकाल येत नव्हता, म्हणून पदवी नाही. पदवी नाही म्हणून बार कौन्सिलची सनद नाही, सनद नाही म्हणून ज्या वकिलांकडे तो काम शिकत होता त्यांच्या मागे फाइल धरून उभं राहण्यापलीकडे काही करता येत नव्हतं. एलएलएमच्या प्रवेशाची मुदत निघून गेल्यावर तो आला. तेव्हा त्याला निकालाची तारीख मिळवून देता आली, ते वर्ष परत मिळवून देता आलं नाही. मुदत उलटून गेलेली मागणी न्यायालयाच्या दृष्टीने निष्फळ ठरते. त्याच्या वडिलांना हे समजावून सांगताना मला फार जड गेलं.

वेळेत आलेल्यांसाठी अंतरिम दिलासा मागता येतो. पुनर्मूल्यांकनाचा निकाल येईपर्यंत पुढच्या परीक्षेला बसू द्यावं, किंवा प्रवेशासाठी तात्पुरतं पात्र धरावं. इथे दोन गोष्टी सांगते. पहिली, अशा अंतरिम आदेशांबाबत सर्वोच्च न्यायालयाने १९९० च्या दशकापासून वेळोवेळी सावध केलं आहे, कारण नंतर विद्यार्थी अपात्र ठरला तर त्याची दोन वर्षं वाया जातात. तेव्हा निकाल तुमच्या विरुद्ध गेला तर काय, याचा विचार करूनच हा दिलासा घ्या. दुसरी, प्रवेश अडला असेल तर विद्यापीठासोबत प्रवेश देणाऱ्या यंत्रणेलाही प्रतिवादी करा, मग ती राज्याची सीईटी सेल असो की एखादी संस्था. जी यंत्रणा कोर्टासमोर नाही तिच्यासाठी जागा राखून ठेवण्याचा आदेश मागता येत नाही. विद्यापीठाने निकाल लावला आणि जागा दुसऱ्याला गेलेली, असं घडलेलं मी पाहिलं आहे.

६. प्रत्येक कागदाची पोच घ्या

"आम्ही किती वेळा जाऊन आलो, मॅडम!" हे खरं असतं, पण कोर्टात त्याचा पुरावा लागतो. प्रत्येक खेपेला एक छोटा अर्ज लिहून न्या. दोन प्रती. एकीवर आवक शिक्का, तारीख आणि क्रमांक घ्या. शिक्का देत नसतील तर तोच मजकूर स्पीड पोस्टने आणि ईमेलने पाठवा. खिडकीवरच्या लिपिकाशी भांडू नका. नियम मोडून नव्हे, पण माणुसकीने वागून वाट दाखवणारे अनेक लिपिक मला या कामात भेटले आहेत. "बाळा, तुझा गठ्ठा अजून केंद्रावरून आलाच नाहीये" असं एखाद्याने सांगितलं तर ते लगेच त्याच दिवसाच्या अर्जात लिहा: 'आज चौकशी केली असता गठ्ठा मूल्यांकन केंद्रावरून आला नसल्याचं समजलं, कृपया लेखी कळवावं.'

७. तक्रार निवारण समितीचं दार टाळू नका

विद्यापीठ अनुदान आयोगाने ११ एप्रिल २०२३ रोजी विद्यार्थ्यांच्या तक्रार निवारणाचे नवे विनियम अधिसूचित केले. त्यांनुसार तक्रार निवारण समिती आणि तिच्यावर लोकपाल अशी रचना आहे. समितीने १५ कामकाजाच्या दिवसांत अहवाल द्यायचा, तिच्या निर्णयाविरुद्ध १५ दिवसांत लोकपालांकडे जाता येतं, आणि लोकपालांनी ३० दिवसांत प्रकरण निकाली काढायचं. यातही तोच भेद आहे, जो कोर्टाने केला. शैक्षणिक वेळापत्रकात दिलेल्या मुदतीपलीकडे निकाल लांबणं ही तक्रार म्हणून चालते. उत्तरपत्रिका पुन्हा तपासून द्या ही मागणी लोकपाल ऐकत नाहीत, ठोस अनियमितता किंवा भेदभाव दाखवल्याखेरीज.

ही वाट चालून पाहावी, कारण कोर्टात पहिला प्रश्न येतो तो 'आधी कुठे गेला होतात?' हाच. मात्र मुदत डोक्यावर असेल तर समितीच्या उत्तराची वाट पाहत बसू नये. तक्रार करायची, पोच घ्यायची आणि याचिकेत तातडीचं कारण मांडायचं.

८. एकत्र या, आणि पैशांअभावी थांबू नका

एकाच विषयात रखडलेले दहा-बारा जण सहसा एकमेकांना ओळखत असतात, त्यांचा व्हॉट्सॲप ग्रुपसुद्धा असतो. तिथे राग व्यक्त होतो आणि विरून जातो. त्यांनी एकत्र याचिका केली तर खर्च वाटला जातो आणि न्यायालयाला कळतं, की हा एका फाइलचा घोटाळा नसून व्यवस्थेची अडचण आहे. प्रत्येकाची पावती, बैठक क्रमांक आणि अडलेली तारीख यांचा तक्ता मात्र वेगवेगळा लावायचा. बारा जणांची नड बारा प्रकारची असते.

मुलींच्या आया हमखास विचारतात, "ताई, नाव कोर्टात गेलं तर कॉलेजवाले डूख धरतील का हो?" ही भीती मी उडवून लावत नाही. पण उत्तरपत्रिकेवर नाव नसतं, परीक्षक कुठल्या तरी दुसऱ्या महाविद्यालयातला असतो, आणि कोर्टात गेलेल्या प्रकरणाकडे सगळ्यांचं लक्ष असतं. माझ्या पाहण्यात तरी याचिकेमुळे कुणाचं पुढचं शिक्षण अडलेलं नाही.

पैशांबद्दल एक गोष्ट फार कमी जणांना माहीत आहे. विधी सेवा प्राधिकरण अधिनियम, १९८७ च्या कलम १२ नुसार स्त्रिया, अनुसूचित जाती-जमातींतल्या व्यक्ती आणि दिव्यांग व्यक्ती यांना उत्पन्न कितीही असलं तरी मोफत कायदेशीर मदतीचा हक्क आहे. इतरांना उत्पन्नाच्या मर्यादेत तो मिळतो. म्हणजे निकाल रखडलेली प्रत्येक विद्यार्थिनी उच्च न्यायालयाच्या विधी सेवा समितीकडे अर्ज करू शकते. लांबच्या मुलांसाठी आणखी एक चांगली गोष्ट घडली आहे. नागपूर, छत्रपती संभाजीनगर आणि गोवा इथे उच्च न्यायालयाची खंडपीठं होतीच, १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापुरात सर्किट बेंचही सुरू झालं. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्गातल्या मुलांना आता एका तारखेसाठी मुंबईचा प्रवास आणि मुक्काम करावा लागत नाही.

९. तोंडी शब्द आदेशात उतरवून घ्या

अशा बहुतेक याचिकांचा शेवट मोठ्या निकालपत्रात होत नाही. मॅटर बोर्डावर येतं, विद्यापीठाचे वकील उभे राहतात आणि सूचना घेऊन सांगतात, "दोन आठवड्यांत निकाल लावतो." मुलांना वाटतं जिंकलो. मी तिथेच न्यायमूर्तींना विनंती करते, की हे विधान तारखेसह आदेशात नोंदवावं आणि त्या तारखेनंतर लगेच प्रकरण पुन्हा लावावं. नोंदवलेला शब्द मोडला तर तो न्यायालयाचा अवमान होऊ शकतो. कॉरिडॉरमध्ये दिलेला शब्द मोडला तर काहीच होत नाही. आदेशाची प्रत मिळाली की ती त्याच दिवशी परीक्षा विभागात पोच घेऊन द्यायची. आदेश झाला हे खालच्या टेबलाला कळायलाच आठवडा गेला, असं होऊ देऊ नका.

१०. कोर्टात न आलेल्यांचं काय?

हे मला सर्वात जास्त टोचतं. याचिका करणाऱ्या दहा जणांचा निकाल सुनावणीच्या आदल्या दिवशी लागतो. म्हणजे तो लावणं शक्य होतं. त्याच गठ्ठ्यातले बाकीचे शेकडो जण मात्र अजून वाट पाहत असतात, कारण त्यांच्याकडे वकील नाही, माहिती नाही, किंवा घरी 'पुढच्या वर्षी बस, काय बिघडतंय' म्हणणारं कुणीतरी आहे. बिघडतं ते हे, की मुलीचं लग्न ठरतं, मुलगा गॅरेजमध्ये लागतो आणि शिक्षण तिथेच थांबतं. ज्याला कोर्ट परवडलं त्याचा निकाल लागला आणि ज्याला परवडलं नाही त्याचा राहिला, ही विभागणी कुठल्याही विद्यापीठाला शोभत नाही.

यासाठी नवा कायदा लागत नाही. प्रत्येक विद्यापीठात परीक्षा व मूल्यमापन मंडळ आहे. त्या मंडळावरच्या प्राध्यापकांना आणि प्राचार्यांना माझी कळकळीची विनंती आहे. पुनर्मूल्यांकनाच्या शुल्काच्या पावतीवर निकालाची तारीख छापा. त्या तारखेला निकाल लागला नाही तर विद्यार्थ्याला अर्ज करायला न लावता पुढच्या परीक्षेला बसू द्या आणि प्रवेशासाठी तसं पत्र द्या. येत्या बैठकीत एवढे दोन ठराव करा.